कथेतला काळ आणि माथेरानचे घड्याळ

कर्जत तालुक्यातील कडाव येथे काही शाळकरी मुलांशी गप्पा मारण्याचा योग आम्हाला आला. विषय होता 'काळ'. एका मुलाने रेवतीची गोष्ट सांगितली. राजा ककुद्मी मुलीसाठी वर विचारायला तिच्यासह ब्रह्मलोकात जातो. तिथे गायन चालू असल्यामुळे क्षणभर थांबतो आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटतात. मुलाने विचारले, "सर, म्हणजे आपल्या पूर्वजांना सापेक्षतावाद ठाऊक होता ना?" मागे बसलेले शिक्षकही कान टवकारून ऐकू लागले.

'हो' म्हणणे सोपे होते. 'छे, या तर भाकडकथा' म्हणणेही तितकेच सोपे. दोन्ही उत्तरांनी त्या मुलाचा तोटाच झाला असता.

भागवतातील ही कथा, कथा म्हणून, सुंदर आहे. काळ सर्वत्र सारखा वाहतो हे गृहीतच ती झुगारून देते. चतुर्युग ४३,२०,००० वर्षांचे धरले, तर सत्तावीस चतुर्युगे म्हणजे ११,६६,४०,००० वर्षे. आकडा आहे, पण नियम नाही. ब्रह्मलोकाच्या निम्म्या वाटेवर काळ किती मंदावेल? कथेत याचे उत्तर नाही, आणि तिला ते द्यायचेही नाही. आयुष्याची क्षणभंगुरता सांगणे हे तिचे काम. कल्पनेच्या झेपेला शोधाचे प्रमाणपत्र दिले, तर कथेवरही अन्याय होतो आणि विज्ञानावरही.

हिच्याशेजारी जयंत नारळीकर यांची 'कृष्णविवर' ही कथा ठेवून पाहावी. मराठी विज्ञान परिषदेच्या १९७४ सालच्या स्पर्धेसाठी त्यांनी ती 'नारायण विनायक जगताप' या टोपणनावाने पाठवली आणि ती पहिली आली. इथेही काळ मंदावणारी एक जागा आहे. पण ती कोणाच्या इच्छेने नव्हे, गुरुत्वाकर्षणामुळे. म्हणून वाचक 'किती?' असे विचारू शकतो. आमच्या मते चांगल्या विज्ञानकथेची ही पहिली कसोटी आहे.

ही कसोटी लावली की या प्रकारातील पुष्कळ कथांची अडचण उघडी पडते. न फिरणाऱ्या कृष्णविवराभोवती, सर्वांत आतल्या स्थिर वर्तुळाकार कक्षेत घालवलेले १ वर्ष दूरच्या माणसाच्या फक्त १.४१ वर्षांएवढे भरते. नायक तरुण आणि नातवंडे म्हातारी, हे एवढ्या भांडवलावर जमत नाही. २०१४ सालच्या 'इंटरस्टेलर' चित्रपटात एका ग्रहावरचा १ तास पृथ्वीवरच्या ७ वर्षांएवढा आहे. त्यासाठी चित्रपटाचे सल्लागार किप थॉर्न यांना कृष्णविवर कमाल मर्यादेच्या अगदी लगतच्या वेगाने फिरते असे मानावे लागले. चमत्काराची किंमत मोजावी लागते, आणि ती किती हे लेखकाला ठाऊक असावे लागते.

हे ऐकून दुसऱ्या मुलाने पश्चिमेच्या डोंगराकडे बोट दाखवले. "सर, मग माथेरानला वेळ वेगळा चालतो का?"

त्या दिवसाचा सर्वांत चांगला प्रश्न हाच. आम्ही फळ्यावर गणित मांडले. माथेरानचे पठार कडावपेक्षा सुमारे ७०० मीटर उंच आहे. गुरुत्वीय त्वरणाला उंचीने गुणायचे आणि प्रकाशवेगाच्या वर्गाने भागायचे. उत्तर येते १ भागिले सुमारे १३ लक्ष कोटी. म्हणजे माथेरानचे घड्याळ कडावच्या घड्याळापेक्षा वर्षाकाठी सुमारे अडीच मायक्रोसेकंद पुढे जाते. सत्तर वर्षांच्या आयुष्यात हा फरक एका सेकंदाच्या पाच हजाराव्या भागाहून कमीच राहतो.

मुले हसली, थोडी हिरमुसलीही. पण हा फरक खरा आहे. २०१० साली अमेरिकेत केवळ ३३ सेंटिमीटर उंचीच्या फरकामुळे दोन अणुघड्याळांत पडलेले अंतर मोजले गेले. जीपीएसच्या उपग्रहांवरील घड्याळे सापेक्षतेच्या एकूण परिणामामुळे जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. ही दुरुस्ती केली नाही, तर मोबाईलमधला नकाशा चुकीची जागा दाखवील.

शिक्षकमित्रांना आमची विनंती एवढीच : रेवतीची गोष्ट वर्गात जरूर सांगा, 'कृष्णविवर'ही वाचून दाखवा. दोन्हींनंतर मुलांना 'किती?' असे विचारायला लावा. एका कथेपाशी तो प्रश्न थांबेल, दुसरीपासून पुढे चालू लागेल. या दोन्हींतला फरक मुलाला स्वतःला उमगला, की कोणाला काय ठाऊक होते या वादात त्याला आपल्या निवाड्याची गरज उरणार नाही.