सरहद्द कोठे पडते? – ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेसंबंधी एक विचार

काळाच्या पलीकडे जाऊन लुप्त इतिहासाचा तुकडा हाती घेऊन परतणारा प्रवासी, ही कल्पना मराठी कथेत जयंत नारळीकर (१९३८–२०२५) यांनी ‘गंगाधरपंतांचे पानिपत’मध्ये समर्थपणे हाताळली आहे. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अपघाताने अशा जगात जातात, की जेथे १४ जानेवारी १७६१ रोजी मराठे विजयी झाले. विश्वासरावांना लागलेली गोळी तेथे केवळ चाटून गेली. भाऊसाहेबांच्या बखरीचे तसे सांगणारे पान पंतांच्या खिशात राहते व तोच त्यांचा पुरावा ठरतो.

कथेचे विवेचन करताना लक्ष साहजिकच त्या पानाकडे जाते. प्रस्तुत टिपणात मात्र पंतांच्या आगगाडीच्या प्रवासाचा विचार करावयाचा आहे. कथेच्या इंग्रजी रूपात पुण्याहून निघालेली गाडी घाट उतरते, कर्जतला क्षणभर थांबते, कल्याण न थांबता ओलांडते. आणि लांब बोगद्यानंतर ‘सरहद्द’ नावाचे लहानसे स्थानक येऊन ब्रिटिश मुलूख सुरू होतो. कल्याणनंतर डोंबिवली व दिवा मागे टाकल्यावर या मार्गावर लांब बोगदा एकच, तो पारसिकचा. म्हणजे ही सरहद्द कळव्याच्या आसपास, ठाण्याच्या खाडीच्या अलीकडे पडते. ठाणे व साष्टी इंग्रजांकडे आहेत.

आता हे ठाणे इंग्रजांकडे गेले कसे, हे पाहू. चिमाजी अप्पांच्या मोहिमेत १७३७ मध्ये मराठ्यांनी ते पोर्तुगीजांकडून घेतले. पानिपतच्या पराभवानंतरही ते मराठ्यांकडेच होते. १७७२ मध्ये माधवराव वारले, १७७३ मध्ये नारायणरावांचा खून झाला आणि रघुनाथरावांमुळे पेशव्यांच्या घरात दुही माजली. ती संधी साधून कंपनीने डिसेंबर १७७४ मध्ये ठाण्याचा किल्ला जिंकला. १७८२ च्या सालबाईच्या तहाने साष्टी तिच्याकडे कायम झाली. तेव्हा ठाणे गेले ते पानिपतच्या गोळीने नव्हे, गृहकलहाने.

कथेतील जगात तर हा कलहच नाही. तेथे विश्वासराव व माधवराव मिळून राज्य वाढवतात आणि दादासाहेब राजकारणातून निवृत्त होतात. कारण नाहीसे झाले असता कार्य मात्र तसेच उरले आहे. व्यापाराच्या सोयीसाठी पेशव्यांनी इंग्रजांना मुंबईत राहू दिले, १९०८ च्या तहान्वये तो पट्टा २००१ पर्यंतचा होता, असे कथा सांगते. पट्ट्यात साष्टीही दिली असावी, असा बचाव करता येईल. परंतु स्वतःच लिहिलेल्या इतिहासाचा पाचवा खंड पंत ज्या चिकित्सेने तपासतात, ती चिकित्सा या सरहद्दीपाशी थबकत नाही. तिकिटासोबत परवाना तपासला जातो आणि गाडी पुढे निघते.

हा दोष कथेच्या रसवत्तेला बाधक नाही; तिच्या सिद्धान्ताला मात्र बाधक आहे. एका गोळीने इतिहासाला दोन फाटे फुटतात, हा सिद्धान्त मान्य केला, तर दुसऱ्या फाट्यावरील प्रत्येक गाव, प्रत्येक नाका पुन्हा सिद्ध करावा लागतो. येथे लेखकाने आपल्या जगातील १७७४ ची रेषा नकळत दुसऱ्या जगात नेली आहे. बखरीचे एक पान निर्णायक मानण्याची सवय आपल्या इतिहासलेखनालाही आहे आणि म्हणूनच हे उदाहरण अभ्यासकांना उपयुक्त वाटावे. रणांगणावरील एक क्षण नाट्यपूर्ण असतो. प्रदेशाचे स्वामित्व मात्र तह, वारसा, महसूल व आरमार यांच्या दीर्घ साखळीने ठरते.

पर्यायी इतिहासाच्या कथेचे परीक्षण करताना तिने कोणता पुरावा परत आणला, एवढेच विचारून भागणार नाही. तिने आपल्या जगातून काय न तपासता बरोबर नेले, हेही विचारले पाहिजे. प्रस्तुत कथेत त्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर ठाण्याच्या खाडीकाठी सापडते.