पोस्टमन आला की हसू थांबतं

टीव्हीवरच्या 'चला हवा येऊ द्या'चा सगळ्यांत चांगला भाग कुठला, असं छत्तीसगढमधल्या भिलाईतल्या मराठी घरांत विचारलं, तर एखाद्या विनोदाचं नाव क्वचितच निघतं. उत्तर येतं, "तो पत्रवाला." सागर कारंडे पोस्टमनच्या वेशात येतात, अरविंद जगताप यांनी लिहिलेलं पत्र वाचतात. कधी शेतकऱ्याचं, कधी जवानाच्या घरचं, कधी म्हाताऱ्या आईबापांचं. समोरचे पाहुणे डोळे पुसतात, आणि तेवढाच तुकडा मग मोबाइलवरून घरोघरी फिरतो. या भागांचं एवढं कौतुक मला पटत नाही.

पत्रं वाईट आहेत म्हणून नव्हे. जगतापांची वाक्यं लहान असतात, शब्द गावाकडचे असतात, आणि 'पत्रास कारण की' या पुस्तकात ती पत्रं कार्यक्रमाच्या आधाराशिवाय वाचता येतात. कारंडे वाचतातही आवाज न चढवता. पण २०१४ साली सुरू झालेल्या विनोदी कार्यक्रमाला सर्वांत मोठी दाद विनोद थांबल्यावर मिळते, आणि आपण ती विनोदाच्या खात्यात जमा करतो, हे विचित्र आहे. त्या भागातला बाकीचा तासभर आठवून पाहा. कार्यक्रमातल्या थुकरटवाडी या काल्पनिक गावात साडी नेसलेला पुरुष, एखाद्या गाजलेल्या चित्रपटाची नक्कल, ज्यांची नक्कल चालली आहे ते सोफ्यावर बसून हसतात, आणि त्यांचा नवा चित्रपट शुक्रवारी लागणार असतो. पाहुण्यांना बोचेल असं काही बोलायचं नाही, हे न सांगता ठरलेलं. त्या पोकळीनंतर पत्र येतं आणि सगळ्यांचा संध्याकाळचा हिशेब चुकता करून जातं.

"हसता हसता रडवलं" ही आपल्याकडची जुनी शाबासकी आहे. ती पु. लं.च्या अंतू बर्व्याला शोभते, कारण तिथं हसू आणि कळ एकाच वाक्यात असतात. वेगळी करायला गेलात तर दोन्ही जातात. दिलीप प्रभावळकरांच्या 'अनुदिनी'वरून आलेल्या 'श्रीयुत गंगाधर टिपरे' या मालिकेतही आबांचं एकटेपण त्यांच्या खोडकरपणातूनच दिसायचं. इथं मात्र विनोद बाजूला सरतो, संगीत बदलतं आणि मग दुःख प्रवेश करतं. दोघांची गाठ पडतच नाही.

हे मी भिलाईत बसून लिहितोय, त्याला कारण आहे. १९७४ साली हबीब तन्वीर यांनी याच गावात 'नाचा' या छत्तीसगढी लोकनाट्याच्या कलावंतांना घेऊन शिबिर घेतलं आणि विजयदान देथांच्या कथेवरून 'चरणदास चोर' आकाराला येऊ लागलं. त्याचं पहिलं छोटं रूप भिलाईतच उघड्यावर सादर झालं. १९८२ मध्ये हे नाटक एडिंबराला जाऊन पुरस्कार घेऊन आलं, ते पुढचं. खरं न बोलण्याची सोय ज्याला उरलेली नाही असा हा चोर. हवालदार, मुनीम, गुरू, राणी, कुणालाच तो सोडत नाही. प्रेक्षक हसत राहतो आणि त्याच हसण्याच्या ओघात चोर मारला जातो. आता गंभीर व्हा, असं सांगायला कुणी पोस्टमन येत नाही.

दाऊ मंदराजींनी राजनांदगावकडच्या रवेलीत उभी केलेली नाचा मंडळी असो की त्यानंतरच्या, रात्रभर चालणाऱ्या या खेळात जोक्कर असतो आणि 'परी' असते. परीचं काम परंपरेनं पुरुषच करत आले; ती मन लावून गाते, नाचते. साडी नेसली एवढाच विनोद तिथं नसतो. विनोद जोक्कर करतो, आणि त्याचं बोट गावातल्या खऱ्याखुऱ्या बड्या माणसाकडे असतं. टीव्हीवरच्या पत्राचं बोट कुणाकडे असतं? बहुधा 'आपल्या सगळ्यांकडे'. म्हणजे कुणाकडेच नाही. म्हणून तर प्रायोजकालाही ते चालतं.

पुढच्या पिढीच्या 'महाराष्ट्राची हास्यजत्रा'त समीर चौघुले, नम्रता संभेराव यांच्यासारखे नट आहेत, आणि प्रहसन रचण्याचं कसब तिथं नक्कीच जास्त आहे. पण तिथंही दर विनोदावर कॅमेरा परीक्षकांच्या हसण्याकडे धावतो. पत्राच्या वेळी तो पाहुण्यांच्या ओल्या डोळ्यांकडे धावतो, त्यातलाच हा प्रकार. विनोदाला साक्षीदार लागतो, अशी दोन्हीकडची समजूत.

आणखी एक, आमच्या बाजूचं. नागपूर-अमरावतीकडून इथल्या पोलाद कारखान्यात आलेल्या घरांत 'चला हवा येऊ द्या'तले भारत गणेशपुरे बोलले की माणसं खुलतात, कारण ती बोली घरची. गणेशपुरे स्वतः तालेवार नट आहेत. शब्दाआधीचा त्यांचा थांबाही हसवतो. तरीही संहितेत पुष्कळदा नुसता वऱ्हाडी हेल म्हणजेच विनोद, असं धरलेलं असतं. लेखकांनी तिथं घाम गाळायला हवा होता. तो पत्रावर गाळला गेला.

'चला हवा येऊ द्या'चा पहिला डाव २०२४ मध्ये संपला आणि आठवणींच्या याद्यांत पुन्हा पत्रंच वर आली. त्या गाजलेल्या भागांतून पत्र काढून घ्या, उरलेला तास पाहा आणि मग विनोदाचे गुण द्या. माझ्या मोजणीत त्यांतले बहुतेक काठावर पास होतात.