हंस आणि जांभूळवृक्ष : सिद्धार्थाच्या बालचरित्रांचा विचार

थोर पुरुषांचे बालपण मुलांना सांगावे, हा प्रघात सर्वच धर्मपरंपरांत आढळतो. जालना जिल्ह्यातील मुलांना तर तो विशेष परिचयाचा आहे. घनसावंगी तालुक्यातील जांब हे समर्थ रामदासांचे जन्मगाव. तेथे १६०८ साली जन्मलेला नारायण लहानपणी एकदा अंधाऱ्या खोलीत दडून बसला आणि आईने विचारता आपण विश्वाची चिंता करीत होतो असे म्हणाला, ही कथा येथील शाळकरी मुलांना ठाऊक असते. त्याच वर्गात बसणारी बौद्ध कुटुंबांतील मुले सायंकाळी विहारात येतात आणि सिद्धार्थाची कथा ऐकतात. जन्मताच तो सात पावले चालला, ऋषींनी त्याचे भविष्य वर्तविले, बाणाने घायाळ झालेला हंस त्याने वाचविला. दोन्ही कथांचा साचा एकच आहे. मुलाचे पाय पाळण्यात दिसतात ही म्हण या साच्यात शब्दशः खरी केली जाते. मोठेपणी जे घडावयाचे ते पाळण्यातच घडून गेलेले असते.

समर्थांच्या बालचरित्राची चिकित्सा त्या परंपरेच्या अभ्यासकांनी करावी; तो आमचा अधिकार नव्हे. आम्हांस येथे सिद्धार्थाच्या बालचरित्रांपुरताच विचार कर्तव्य आहे. बुद्धपौर्णिमेच्या व धम्मचक्र प्रवर्तन दिनाच्या निमित्ताने मुलांसाठी लहान पुस्तिका विक्रीस येतात, विहारांतून वाटल्या जातात. त्यांपैकी ज्या आमच्या वाचनात आल्या त्यांची नावे आम्ही घेत नाही, कारण दोष एका लेखकाचा नसून प्रघाताचा आहे. या पुस्तिकांचे स्थूलमानाने दोन वर्ग पडतात. पहिल्या वर्गात चमत्कार जसेच्या तसे येतात. दुसऱ्या वर्गाचे लेखक बुद्धिप्रामाण्यवादी असल्याने ते चमत्कार गाळतात. परंतु त्यांचा सिद्धार्थ कधी चुकत नाही, कधी रडत नाही, सर्व विद्यांत पहिला येतो. चमत्कार गेला, साचा मात्र राहिला. आमच्या मते खरा प्रश्न चमत्काराचा नसून या साच्याचा आहे. ज्याला काही शिकावेच लागले नाही, त्याच्यापासून मुलाने काय शिकावे? त्याला केवळ हात जोडता येतील.

मूळ साधनांकडे वळले असता प्रथम जाणवते ती त्रिपिटकाची मितभाषिता. भगवंतांच्या बालपणाचे सलग चरित्र सुत्तपिटकात नाही. सुत्तनिपातातील नालकसुत्तात असित ऋषीची भेट आहे. अंगुत्तरनिकायात भगवान स्वतः आपल्या सुखात गेलेल्या तारुण्याविषयी बोलतात; तीन ऋतूंसाठी असलेल्या तीन प्रासादांचा उल्लेख तेथे येतो. मात्र त्याच ठिकाणी जरा, व्याधी व मरण यांचा विचार त्यांनी स्वतःच्या मनाशी केल्याचे सांगितले आहे. रथ नाही, सारथी नाही, वाटेत भेटलेला वृद्ध नाही. चार निमित्तांची प्रसिद्ध कथा दीघनिकायातील महापदानसुत्तात आहे, परंतु ती पूर्वीच्या विपस्सी बुद्धांची आहे. निदानकथेत ती गौतमाच्या चरित्रात आलेली दिसते. अरियपरियेसनसुत्तानुसार मातापिता अश्रू ढाळीत असताना त्यांनी गृहत्याग केला. मध्यरात्री सर्वांना झोपेत टाकून निघून जाणे त्या निवेदनाशी जुळत नाही.

आणि हंस? तो पालि त्रिपिटकात नाही, निदानकथेतही नाही. अश्वघोषाच्या बुद्धचरितात तो नाही. चिनी भाषेतून टिकून राहिलेल्या अभिनिष्क्रमणसूत्रासारख्या उत्तरेकडील ग्रंथांत तो भेटतो. एडविन आर्नल्ड यांच्या १८७९ सालच्या ‘लाइट ऑफ एशिया’ या काव्याने ती कथा सर्वदूर नेली. आज मुलांना सिद्धार्थाविषयी एकच गोष्ट विचारली तर बहुधा हीच सांगितली जाते.

ती गाळावी, असे मात्र आमचे म्हणणे नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी १९५७ साली, त्यांच्या महापरिनिर्वाणानंतर प्रसिद्ध झालेल्या ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात जखमी पक्ष्याची कथा घेतली आहे. चार निमित्तांची कथा ज्यांनी प्रस्तावनेतच प्रश्नांकित केली आणि तिच्या जागी शाक्य व कोलिय यांच्यातील रोहिणी नदीच्या पाण्याचा वाद मांडला, त्यांनी ही कथा ठेवावी यास कारण आहे. त्यांच्या मांडणीत हा हक्काचा वाद आहे. मारणाऱ्याचा अधिकार मोठा की वाचविणाऱ्याचा, हा प्रश्न दोघांत मिटत नाही, तो लवादाकडे जातो आणि निवाडा होतो. मुलाला तेथे युक्तिवाद करण्यास जागा आहे. याउलट काही पुस्तिकांत हंस आपण होऊन सिद्धार्थाच्या कुशीत शिरतो आणि प्रश्न संपतो. कथा तीच, पण विचार करण्याचे काम मुलाकडून काढून पक्ष्याकडे दिले गेले. प्राचीन की अर्वाचीन, एवढ्यावरून बालकथेची पारख होत नाही. ती मुलाच्या बुद्धीला काही करावयास देते की नाही, हे पाहावे लागते.

या दृष्टीने जांभूळवृक्षाखालील प्रसंग सर्वांत महत्त्वाचा आहे, आणि त्याचीच सर्वाधिक हेळसांड झाली आहे. मज्झिमनिकायातील महासच्चकसुत्तात तो भगवंतांच्याच मुखी येतो. कठोर देहदंडाने शरीर अस्थिपंजर झाले, तरी ज्ञान प्राप्त झाले नाही. त्या हताश घटकेला त्यांना आठवले की, पिता शाक्य आपल्या कामात असता आपण जांभळीच्या थंड सावलीत बसलो होतो आणि चित्त सहज प्रथम ध्यानात स्थिर झाले होते. हाच तर बोधीचा मार्ग नसेल, असा प्रश्न त्यांनी स्वतःला केला. या निर्दोष सुखाला आपण का भ्यावे, असाही विचार केला आणि अन्न घेतले. मध्यम मार्गाचे वळण एका आठवणीपाशी आहे.

निदानकथेने या आठवणीचा सोहळा केला. तेथे राजा सोन्याचा नांगर धरतो, दायी बाळाला सोडून सोहळा पाहावयास जातात, बाळ पद्मासन घालून बसते, इतर वृक्षांच्या सावल्या ढळतात पण जांभळीची सावली ढळत नाही आणि पिता पुत्राला वंदन करतो. काव्य म्हणून हे सुंदर आहे. परंतु मुलांच्या पुस्तिकांत न ढळणारी सावली तेवढी उरते. पुढे सहा वर्षांच्या व्यर्थ कष्टानंतर ती आठवण उपयोगी पडली, हा दुवाच तुटतो. चुकलेल्या माणसाने आपल्या बालपणाकडे परत पाहून वाट दुरुस्त केली, हे मुलाला सांगण्याजोगे नाही काय?

बाबासाहेबांनी याच वप्पमंगलाच्या उत्सवाला निराळे वळण दिले. त्यांचा सिद्धार्थ प्रथेप्रमाणे स्वतः नांगर धरतो आणि श्रमाला कमी लेखत नाही. वडिलांच्या शेतावर उन्हात अपुऱ्या वस्त्रांनिशी राबणारे मजूर पाहून, माणसाने माणसाचे शोषण करणे योग्य आहे काय, असे तो मित्राला विचारतो. तत्पूर्वी धर्मानंद कोसंबी यांनी ‘भगवान बुद्ध’ (१९४०-४१) या ग्रंथात शुद्धोदनाच्या राजेपणाविषयीच शंका घेऊन शाक्यांचे शेतीप्रधान जीवन पुढे आणले होते. असे असताना आमच्या पुस्तिकांतून राजवाडा हलत नाही. जालना शहराचे नाव बियाण्यांच्या उद्योगामुळे देशभर झाले. या जिल्ह्यातील मुलाने तिफणीच्या चाड्यावर मूठ धरणारी आई पाहिलेली असते, बांधावरच्या झाडाखाली धाकट्या भावंडाला सांभाळलेले असते. वडील कामात आणि मूल सावलीत, हे चित्र त्याला समजावून द्यावे लागत नाही. त्याच्या इतक्या जवळची गोष्ट आपण सोन्याच्या नांगराने दूर लोटतो.

हीच गत महापजापती गोतमीची. जन्मानंतर सातव्या दिवशी माता निवर्तली, हे सांगून पुस्तिका पुढे सरकतात. मावशीने वाढविले, एवढे एक वाक्य येते. दक्खिणाविभंगसुत्तात गोतमी स्वतः कातून विणलेले वस्त्र घेऊन भगवंतांकडे येते आणि आनंद त्यांना आठवण देतो की, माता गेल्यावर हिनेच आपल्याला स्तनपान दिले. ऊसतोडीच्या हंगामात आईबाप परमुलखी गेले म्हणजे मराठवाड्यातील कितीतरी मुले आजीजवळ, मावशीजवळ राहतात. आईविना वाढलेला सिद्धार्थ त्यांना कोणी नीट सांगितला आहे काय?

येथे एक आक्षेप संभवतो. चमत्कार हे परंपरेचेच धन आहे, ते मुलांपासून का हिरावावे? आक्षेप वजनदार आहे. आजचे भोकरदन म्हणजे प्राचीन भोगवर्धन. तेथील उपासकांची नावे सांचीच्या दानलेखांत आहेत. ज्या स्तूपाला त्यांनी दान दिले त्याच्या तोरणावर मायादेवीचे स्वप्न कोरलेले आहे. अजिंठ्याच्या सोळाव्या लेण्यात असिताची भेट आणि पाठशाळेतील राजपुत्र चितारलेला आहे. आमच्याच भूमीतील पूर्वजांनी या कथा डोळे भरून पाहिल्या. त्या नाकारणे म्हणजे आपल्या कलेचा वारसा नाकारणे होय.

परंतु परंपरेने चमत्काराचे मोजमापही सांगून ठेवले आहे. मज्झिमनिकायातील अच्छरियअब्भुतसुत्तात आनंद भगवंतांच्या गर्भप्रवेशापासून जन्मापर्यंतची आश्चर्ये एकेक करून सांगतो. सात पावले तेथेच आहेत. भगवान ती खोडून काढीत नाहीत. शेवटी एवढेच म्हणतात की, आनंदा, तथागताचे हेही एक आश्चर्य ध्यानात ठेव : तथागताला वेदना, संज्ञा व वितर्क उत्पन्न होताना कळतात, टिकून असताना कळतात आणि अस्त पावताना कळतात. सुत्त तेथे संपते. सात पावलांच्या पंक्तीला जागरूक मनाचे आश्चर्य बसविलेले आहे, आणि तेही शेवटी. बालवाङ्मयाने पहिली आश्चर्ये घेतली आणि शेवटचे सोडले. वस्तुतः सात पावले मुलाला टाकता येणार नाहीत. राग आला तेव्हा तो आला हे ओळखणे मात्र आठ वर्षांच्या मुलालाही जमण्यासारखे आहे.

मुलांशी कसे बोलावे याचा नमुनाही दूर शोधावा लागत नाही. अम्बलट्ठिकराहुलोवादसुत्तात भगवान राहुलाला खोटे बोलण्याविषयी सांगतात, तेव्हा स्वतःच्या बालपणाचा दाखला देत नाहीत. पाय धुण्याच्या भांड्यात थोडे पाणी ठेवून ते दाखवितात, ते ओतून टाकतात, भांडे पालथे करतात, पुन्हा उलथून रिकामे दाखवितात, आणि प्रत्येक वेळी राहुलाला विचारतात की, तुला हे दिसते काय? मग आरशाचा उपयोग विचारतात. सम्राट अशोकाने बैराटच्या शिलालेखात भिक्षु-भिक्षुणींनी व उपासक-उपासिकांनी वारंवार ऐकावे म्हणून जे धम्मपर्याय निवडले, त्यांत खोटे बोलण्याविषयीचा हा राहुलोवाद आहे. घरातले भांडे आणि सरळ प्रश्न एवढ्यावर तो उपदेश उभा आहे.

मुलाच्या हाती पडलेले पुस्तक क्षुल्लक नसते. कृष्णाजी अर्जुन केळुसकर यांनी १८९८ साली गौतम बुद्धांचे मराठी चरित्र लिहिले आणि पुढे त्याची एक प्रत विद्यार्थी भीमरावाला भेट दिली. त्या वाचनाने आपण भारावून गेलो, असे बाबासाहेबांनी आपल्या ग्रंथासाठी लिहिलेल्या, परंतु त्या वेळी अप्रकाशित राहिलेल्या प्रस्तावनेत नमूद केले आहे. त्यानंतर त्यांनी वडिलांना विचारले की, आपण आम्हांस बौद्ध वाङ्मय वाचावयास का दिले नाही? केळुसकरांनी लहान वाचक म्हणून मजकूर पातळ केलेला नव्हता.

मुलांसाठी लिहिणारांकडे आमचे मागणे मोजके आहे. जे सुत्तात आहे ते ‘भगवान म्हणाले’ असे सांगावे. जे अट्ठकथेत वा काव्यात आहे ते ‘लोक असे सांगत आले’ असे सांगावे. हा भेद मुलांना कळतो. आजीची गोष्ट आणि इतिहासाचा धडा ती सहज वेगळे ठेवतात. गोतमीला एक प्रकरण द्यावे. जांभळीची आठवण बोधीच्या प्रकरणात पुन्हा आणावी. सिद्धार्थाला चुकू द्यावे.

आणि दोषाचा एक वाटा आमच्या पदरी घेणे प्राप्त आहे. पालि जाणणारे आम्ही विद्यापीठांतून पाठभेदांची चर्चा करीत राहिलो. मुलांसाठी लिहिणे आम्हांस आमच्या पदवीपेक्षा कमी प्रतीचे काम वाटले. ते ज्यांनी अंगावर घेतले त्यांनी हाती आले त्यावरून लिहिले. त्यांना मूळ सुत्ते मराठीत सुबोध करून देणे हे आमचे काम होते. ते अद्याप करावयाचे आहे. त्याचा प्रारंभ महासच्चकसुत्तातील त्या एका परिच्छेदापासून करावा, असे आम्हांस वाटते.