हाय डेफिनिशन स्ट्रीमिंग आणि चित्राची विषम वाटणी : 'द डिसायपल'च्या संदर्भात

प्रस्तावना :
मराठी चित्रपटाच्या जडणघडणीत कोल्हापूरचे स्थान मोलाचे आहे. बाबूराव पेंटर यांचा 'सैरंध्री' 1920 साली येथेच घडला आणि 1929 मध्ये प्रभात फिल्म कंपनीची स्थापनाही येथेच झाली. चित्रपटगृहात तिकिटांचे वर्ग असत. परंतु पडद्यावरील चित्र सर्वांना एकच दिसे. स्ट्रीमिंगच्या युगात ही समानता टिकली आहे काय, हा प्रश्न चैतन्य ताम्हाणे यांच्या 'द डिसायपल' या चित्रपटाच्या आधारे तपासता येतो.

तंत्रज्ञानाचे स्वरूप :
पूर्ण एचडी चित्रात 1920 गुणिले 1080, म्हणजे सुमारे 20 लाख 73 हजार पिक्सेल असतात. सेकंदाला 24 चौकटी धरल्यास मूळ माहिती सेकंदाला जवळजवळ 120 कोटी बिट इतकी होते. म्हणूनच 2003 चे एच.264 व 2013 चे एचईव्हीसी यांसारख्या मानकांनुसार तिचे संकोचन केले जाते. लागोपाठच्या चौकटींतील साम्य वगळून बदल तेवढा पाठविला जातो आणि डोळ्याला सहसा न जाणवणारे बारकावे गाळले जातात. शिवाय एकाच चित्रपटाच्या कमीअधिक दर्जाच्या आवृत्त्या काही सेकंदांच्या तुकड्यांत तयार असतात. जोडणीचा वेग पाहून त्यांतील योग्य तुकडा मागविला जातो. चित्रपट सहसा अडखळत नाही, ही या पद्धतीची जमेची बाजू होय.

विवेचन :
'द डिसायपल'ला 2020 च्या व्हेनिस महोत्सवात सर्वोत्कृष्ट पटकथेचा पुरस्कार लाभला आणि 30 एप्रिल 2021 रोजी तो नेटफ्लिक्सवर आला. शास्त्रीय गायनाची साधना करणारा शरद नेरुळकर रात्रीच्या निर्मनुष्य मुंबईतून दुचाकीवरून संथपणे जातो. सोबत माईंचा ध्वनिमुद्रित आवाज असतो. या दृश्यांत घटना जवळजवळ नाही. आशय आहे तो अंधाराच्या छटांत आणि स्वरात. कमी बिटमध्ये नेमक्या याच छटा टिकविणे अवघड असते. त्या पुसल्या गेल्या की अंधाराचे सपाट पट्टे होतात आणि शरदचे एकाकीपण केवळ प्रवास ठरते.

ही हानी वेगामुळेच होते असे नाही. नेटफ्लिक्सने 2019 मध्ये भारतात आणलेल्या दरमहा 199 रुपयांच्या मोबाईल योजनेत चित्र 480 रेषांचे होते. एप्रिल 2021 मध्ये एचडीसाठी 649 रुपयांची योजना घ्यावी लागे. 480 रेषांच्या चित्रात पूर्ण एचडीच्या सुमारे एक पंचमांश पिक्सेल असतात. कोल्हापूरलगतच्या उचगावात जोडणी कितीही वेगवान असली, तरी स्वस्त योजनेच्या प्रेक्षकाच्या वाट्याला हेच चित्र येणार होते. लहान पडद्यावर उणीव कमी जाणवते, हे खरे. तसेच असा चित्रपट गावापर्यंत पोहोचला तो स्ट्रीमिंगमुळेच, हेही नाकारता येत नाही.

निष्कर्ष :
पूर्वी आसनांची प्रतवारी होती. आता चित्राचीच प्रतवारी झाली आहे. म्हणून चित्रपटसमीक्षेने कोणत्या दर्जाची आवृत्ती पाहिली याची नोंद करणे आवश्यक ठरते. महाविद्यालयांतही चित्रपट शिकविताना रीतसर परवानगीने एचडी प्रत मोठ्या पडद्यावर दाखविली जावी. अन्यथा जे विद्यार्थ्याला दिसलेच नाही, त्यावर त्याने मत द्यावे अशी अपेक्षा करणे अन्यायाचे होईल.