एका माणसाची दोन चरित्रं

सी. व्ही. वेजवूड या इतिहासकार बाईंनी थॉमस वेंटवर्थचं चरित्र दोनदा लिहिलं. यॉर्कशायरचा हा जमीनदार १६२८मध्ये पार्लमेंटात पहिल्या चार्ल्सच्या मनमानीविरुद्ध उभा राहिला आणि त्याच वर्षी राजाच्या गोटात गेला. पुढे त्याने राजाच्या वतीने आयर्लंडवर कारभार केला. १६४१मध्ये पार्लमेंटने त्याचा मृत्यू मागितला. त्या हुकमावर सही केली चार्ल्सनेच.

१९३५च्या पुस्तकातला वेंटवर्थ ताठ, निष्ठावान, शोकांत नायक आहे. नंतर घराण्याची कागदपत्रं अभ्यासकांना खुली झाली. आयर्लंडच्या जकातीच्या मक्त्यात त्याचा स्वतःचा वाटा होता, तिथे त्याने जमिनीही गोळा केल्या होत्या. १९६१मध्ये वेजवूडबाईंनी पुस्तक नव्याने लिहिलं आणि ‘फेरमूल्यांकन’ हा शब्द थेट नावातच घातला.

मला हे दुसरं पुस्तक मोठं वाटतं. नायक खाली आला म्हणून त्याचा खलनायक झालेला नाही. कार्यक्षम प्रशासक आणि स्वतःची तुंबडी भरणारा माणूस एकाच देहात राहतात, आणि लेखिका दोघांचाही हिशोब मांडते. लाडक्या नेत्याबद्दल नवा पुरावा आला की आपण आधी पुरावा आणणाऱ्यावरच तुटून पडतो. वेजवूडबाईंनी स्वतःचं गाजलेलं पुस्तक बाजूला ठेवलं.