कामाकुरा एका दिवसात: वाऱ्याने पाडलेलं आणि माणसांनी पाडलेलं

गाइडेड टूरचं परीक्षण कुणी लिहीत नाही. पुस्तकांचं लिहितात, सिनेमांचं लिहितात, हल्ली तर ट्रेलरचंही लिहितात. टूरच्या वाट्याला फक्त तारे येतात आणि त्याखाली एक ओळ: ‘गाइड छान, जेवण ठीक.’ खरं तर आठ तासांची टूर ही रीतसर बांधलेली गोष्ट असते. तिला निवेदक असतो, क्रम असतो, कुठे वीस मिनिटं थांबायचं आणि कुठून नुसतं पुढे सरकायचं हे कुणीतरी बसून ठरवलेलं असतं. मग ती वाचायला काय हरकत आहे?

मी वाचली ती टूर कामाकुराची. कंपनीने चार महिन्यांसाठी योकोहामाला पाठवलं होतं. तिथून लोकलने कामाकुरा जेमतेम पंचवीस मिनिटांवर. एकटीनेही जाता आलं असतं, पण जपानी लोक परक्याला आपलं गाव कसं सांगतात हे मला ऐकायचं होतं. म्हणून इंग्रजी टूर बुक केली. आम्ही बाराजण, आणि पिवळा झेंडा घेतलेले एक निवृत्त गृहस्थ. त्यांच्या दुसऱ्या हातात प्लास्टिकच्या पाकिटांत घातलेल्या जुन्या फोटोंची फाइल होती. तिच्याकडे पुढे येते.

टूरचं शीर्षक होतं सामुराईंचं गाव. ते खोटं नाही. 1192 मध्ये मिनामोतो नो योरितोमो शोगुन झाला आणि 1333 पर्यंत जपानची लष्करी सत्ता इथून चालली. अडचण अशी की त्या सत्तेचं डोळ्यांना दिसेल असं इथे फारसं काही उरलेलं नाही. ‘सामुराईंचं माहेर’ म्हणून जपानने कामाकुराचं नाव जागतिक वारशासाठी पुढे केलं होतं. 2013 मध्ये युनेस्कोला सल्ला देणाऱ्या तज्ज्ञ संस्थेने नकाराची शिफारस केली, कारण देवळं-मठ सोडले तर त्या सत्तेचे प्रत्यक्ष पुरावे अपुरे आहेत. जपानने अर्ज मागे घेतला. टूरवाल्यांना त्याचं सोयरसुतक नाही, आणि धंदा म्हणून ते समजण्यासारखं आहे.

सुरुवात त्सुरुगाओका हाचिमानगू या शिंतो देवस्थानापासून. स्टेशनच्या बाजूने देवस्थानाकडे जाणारा मधला उंच रस्ता पुढे पुढे अरुंद होत जातो, त्यामुळे तो आहे त्याहून लांब वाटतो. हे गाइडकाकांनी आम्हाला आधी चालायला लावून मग सांगितलं. उत्तम निवेदन. फाटकावरच्या पाटीत ‘हाचि’ हे अक्षर दोन कबुतरांच्या आकारात लिहिलंय, आणि गावातली प्रसिद्ध कबुतराच्या आकाराची बिस्किटं त्यावरून आली, हेही त्यांनी असंच दाखवलं. मग हात धुणं, दोनदा वाकणं, दोन टाळ्या, पुन्हा एकदा वाकणं. त्यानंतर दिवसभर तीनदा ऐकलेलं वाक्य आलं: ‘शिंतो देवस्थानात टाळ्या वाजवायच्या, बौद्ध मंदिरात फक्त हात जोडायचे. गल्लत करू नका.’

हे वाक्य मला खटकलं, कारण ज्या आवारात उभं राहून ते सांगितलं जात होतं, तिथे जवळपास सातशे वर्षं ही गल्लत हाच नियम होता. हाचिमान या युद्धदेवाची पदवीच मुळी ‘महाबोधिसत्त्व’ होती. आवारात शिंतो गाभारा होता, तसाच बौद्ध स्तूपमनोरा होता, द्वारपालांचं महाद्वार होतं, औषधी बुद्धाचं मंदिर होतं, सूत्रग्रंथांचं फिरतं कपाट असलेली इमारत होती. पूजाअर्चा बौद्ध भिक्षूच बघायचे. 1868 मध्ये मेइजी सरकारने देव आणि बुद्ध वेगळे करण्याचे हुकूम काढले आणि 1870 मध्ये इथल्या बौद्ध इमारती पाडल्या गेल्या. भिक्षूंना संन्यास सोडून शिंतो पुजारी व्हावं लागलं. सूत्रग्रंथांचा मोठा संच तोक्योच्या सेन्सोजी मंदिरात गेला. द्वारपाल नियोंच्या मूर्ती जवळच्याच एका मठात गेल्या. आमच्या भाषेत सांगायचं तर कुणीतरी मुख्य ब्रँचवर फोर्स पुश केला आणि जुना इतिहास लॉगमधून गायब झाला.

एवढंच की बॅकअप शिल्लक आहे. फेलिचे बेआतो या छायाचित्रकाराने 1860च्या दशकात कामाकुराला येऊन फोटो काढले होते. त्यातल्या एकात तो मनोरा उभा आहे, दणकट, दुमजली, लाकडी. आज त्या आवारात मोकळी जागा आहे आणि ती इतकी नीटनेटकी झाडलेली आहे की ती कायमच मोकळी असावी असं वाटतं.

आता टूर काय सांगते ते बघा. पायऱ्यांच्या डाव्या हाताला एक बुंधा आहे. इथे हजार वर्षांचा मानला जाणारा गिंको वृक्ष होता. 1219 मध्ये तिसरा शोगुन सानेतोमो बर्फ पडत असताना पायऱ्या उतरत होता, तेव्हा त्याच्या पुतण्याने या झाडाआडून येऊन त्याला मारलं. 10 मार्च 2010च्या पहाटे वादळी वाऱ्यात झाड उन्मळलं. गाइडकाकांनी फाइल उघडून झाडाचे आधीचे फोटो दाखवले, मग पडलेल्या दिवसाचा, मग बुंध्याला फुटलेल्या कोवळ्या फांद्यांकडे बोट केलं. बाराही जण गप्प झाले. हा दिवसातला सर्वांत चांगला प्रसंग होता, हे मोकळेपणाने म्हणायला हवं. आता ‘आझुमा कागामी’ या जुन्या बखरीत खुनाच्या प्रसंगात दगडी पायऱ्या आहेत, पण मारेकरी झाडामागे लपल्याचा उल्लेख नाही. तो भाग नंतरचा. दंतकथा म्हणून मला तो चालतो. गावाने आपल्या झाडाला एक भूमिका दिली, त्यात वावगं काय?

मला पकडायचं होतं ते वेगळंच, आणि ते जेवणानंतर हातात आलं. दाइबुत्सूपाशी, म्हणजे महाबुद्धापाशी, काका म्हणाले की ही मूर्ती एके काळी मोठ्या मंदिरात होती. वादळांनी आणि मग पंधराव्या शतकाच्या शेवटी समुद्राने ते मंदिर नेलं, तेव्हापासून बुद्ध उघड्यावर बसलाय. 1923च्या भूकंपाचंही सांगितलं. म्हणजे टूरमध्ये विध्वंस भरपूर होता. वारा होता, लाट होती, धरणीकंप होता. त्यातला एकही माणसांनी ठरवून केलेला नव्हता. ज्या नुकसानाला गुन्हेगार नाही तेवढंच सांगायचं, असा या कथनाचा न लिहिलेला नियम दिसतो. खून चालतो, कारण तो आठशे वर्षं जुना आणि घरातला आहे. 1870 मात्र अजून पुरेसं जुनं झालेलं नसावं.

सुट्टीच्या दिवशी हे कोण ऐकणार, असं कुणी म्हणेल. पण कोमाची गल्लीत खरेदीला आम्हाला चाळीस मिनिटं दिली होती. त्यातली दोन पुरली असती. फाइलमध्ये झाडाचे फोटो होतेच, त्यांच्यामागे बेआतोचा एक फोटो सरकवला असता तर वजन वाढलं नसतं. आणि टाळ्यांचा नियम सांगताना ‘हे सगळं असं वाटून घेतलं त्याला दीडशे वर्षं झाली’ एवढं एक वाक्य. नियम तोच राहिला असता, त्याचं वय कळलं असतं.

हे मला एवढं का लागावं? एक कारण तळ्यातल्या बेटावर होतं. तिथे बेंझाइतेनचं छोटं देवस्थान आहे. काका म्हणाले, संगीताची आणि नशिबाची देवी, आणि झेंडा पुढे निघाला. ही आपली सरस्वती. बौद्ध ग्रंथांबरोबर चीनमार्गे इथवर आलेली. हातात वीणेऐवजी बिवा, पाण्याशी नातं कायम. तिचं हे देऊळही त्या वाटणीत पाडलं गेलं होतं आणि विसाव्या शतकात पुन्हा बांधलं गेलं. हिंदू देवी, बौद्ध वाहन, शिंतो पत्ता. आपल्याकडे कार्ल्याला एकवीरा आईचं देऊळ बौद्ध लेण्याच्या तोंडाशीच आहे, आणि लहानपणी नवस फेडायला जाताना आम्हाला कुणी ‘गल्लत करू नका’ म्हणाल्याचं आठवत नाही. कोणती जागा मूळची कुणाची, हा प्रश्न आपल्याकडे आज कोणत्या आवाजात विचारला जातो ते सांगायला नको. ज्या गावाने तो प्रश्न एकदा कुऱ्हाडीने सोडवून पाहिला, त्या गावात उभं राहून त्याबद्दल एक शब्दही ऐकू न येणं मला साधं वाटलं नाही.

दुसरी जागा हासेदेरा. डोंगरउतारावरचं सुंदर मंदिर, वरून समुद्र दिसतो, आत कान्नोनची, म्हणजे अवलोकितेश्वराची, नऊ मीटरहून उंच सोनेरी लाकडी मूर्ती. वाटेत जिझोच्या छोट्या दगडी मूर्तींच्या रांगाच रांगा लागतात. हे क्षितिगर्भ बोधिसत्त्वाचं जपानी रूप. टूरमधलं वाक्य होतं: ‘जिझो मुलांचा रक्षक आहे, इथे फोटो छान येतात.’ फोटो छान येतातच. आमच्यातल्या दोघींनी मूर्तींच्या रांगेशी बसून बोटांचं व्ही केलं. त्या मूर्ती जन्माला न आलेल्या मुलांसाठी ठेवलेल्या आहेत. गर्भपात झालेल्या, मृत जन्मलेल्या, पाडाव्या लागलेल्या. प्रत्येकीमागे कुणाचं तरी घर आहे. मी काकांना बाजूला घेऊन विचारलं तेव्हा त्यांनी झेंडा खाली घेतला, हळू आवाजात सगळं नीट सांगितलं, आणि म्हणाले की काही पाहुणे दुखावतात, म्हणून सगळ्यांसमोर बोलत नाही. त्यांचा संकोच खरा होता. पण दुखावू नये म्हणून जपलं कुणाला? फोटो काढणाऱ्यांना. मूर्ती ठेवणाऱ्या बायकांना नाही.

आता बुद्धाच्या पोटात. सुमारे 11.3 मीटर उंच, 121 टन कांस्य, काम सुरू झालं 1252 च्या सुमारास. मूर्ती आतून पोकळ आहे आणि थोडे येन देऊन आत जाता येतं. टूरमध्ये हे नव्हतं. वीस मिनिटं समोरून फोटोसाठी होती, त्यातली सात मी चोरली. आत अंधार, पितळी वास, आणि भिंतीवर सगळीकडे जाळी. मूर्ती थरांमध्ये ओतत वर नेली. एका थराला पुढचा पकडून ठेवणारे सांधे आतून स्पष्ट दिसतात. बाहेरून शांत दिसणारा चेहरा आतून निव्वळ कारखाना आहे. मानेपाशी वेगळाच पदार्थ दिसतो: 1960-61च्या दुरुस्तीत मान फायबर घातलेल्या प्लास्टिकने मजबूत केली. त्याच वेळी मूर्ती आणि चौथरा यांच्यामध्ये स्टेनलेस स्टीलचा पत्रा घातला, म्हणजे भूकंपात मूर्ती तुटण्याऐवजी सरकेल. न हलण्यासाठी नाही, नीट हलण्यासाठी केलेलं डिझाइन! मी इंजिनिअर असल्यामुळे मला हे चेहऱ्याइतकंच आवडलं असेल, तरी टूरमधल्या बाकीच्यांना ते कळलं नसतं असं मुळीच नाही. तिथे एका शाळेची मुलं आत येऊन मान वर करून ‘ओ!’ म्हणत होती.

त्याच आवारात एक स्मारक आहे, तिकडे झेंडा वळलाच नाही. श्रीलंकेच्या जे. आर. जयवर्धने यांचं. 1951च्या सॅन फ्रान्सिस्को परिषदेत त्यांनी वैराबद्दलचं बुद्धवचन सांगत जपानकडून नुकसानभरपाई मागायला नकार दिला. यातही माणसांनी केलेलं नुकसान आहे, फक्त ते माफ केलेलं. तेही टूरच्या नियमात बसत नसावं.

नंतरच्या रविवारी मी एकटी गेले, त्या नियोंसाठी. जुफुकुजी हा मठ रेल्वेलाइनच्या पलीकडे, देवस्थानापासून चालत दहा-पंधरा मिनिटांवर. दगडी वाट, दोन्ही बाजूंना झाडं, माणूस एकही नाही. मधल्या दरवाज्यापर्यंतच जाता येतं. महाद्वारातून हलवलेले द्वारपाल त्यापलीकडच्या बुद्धमंदिरात आहेत, आणि ते मंदिर सर्वांसाठी उघडं नसतं. बाजूच्या वाटेने मागच्या दफनभूमीत गेलं की डोंगरात कोरलेल्या गुहा लागतात. त्यांतली एक सानेतोमोची समाधी म्हणून दाखवतात, तोच तो, पायऱ्यांवर मारला गेलेला. आत कुणीतरी ताजी फुलं ठेवली होती.