जखिणवाडीची यक्षिणी : नामसातत्य आणि धर्मसातत्य

लोकदैवतांच्या नावांतून प्राचीन धर्माचा माग काढण्याची पद्धती मराठी संशोधनात चांगलीच रुळली आहे. तिला विशेष बळ मिळाले ते दा. ध. कोसंबी यांच्या ‘मिथ अँड रिअॅलिटी’ (१९६२) या ग्रंथाने. या पद्धतीची कसोटी पाहण्यास मलकापूरचा परिसर सोयीचा आहे. कराडला लागून असलेल्या या गावाजवळ आगाशिवाचा डोंगर आहे. त्यात इसवी सनाच्या आगेमागे कोरलेली साठाहून अधिक बौद्ध लेणी आहेत. आणि डोंगराच्या पायथ्याशी जे गाव आहे त्याचे नाव जखिणवाडी.

नाव ऐकताच एक निष्कर्ष सुचतो : लेण्यांपूर्वी येथे यक्षिणीचे ठाणे होते; भिक्षू आले आणि गेले, यक्षिणी मात्र राहिली. निष्कर्ष मोहक आहे, म्हणूनच तो तपासून घेणे अगत्याचे ठरते.

व्युत्पत्तीविषयी वाद नाही. यक्षिणी, जक्खिणी, जखीण ही परंपरा ध्वनिनियमांस धरून आहे. पालीत आद्य ‘य’ कायम राहतो, येथे त्याचा ‘ज’ झाला आहे. तेव्हा हा शब्द भिक्षूंच्या पोथीतून नव्हे, तर प्राकृत बोलीतून उतरला, इतके म्हणता येते. ‘क्ष’ची गोष्ट थोडी गुंतागुंतीची आहे. क्षेत्र, मक्षिका यांपासून मराठीत शेत, माशी ही रूपे झाली, तर लक्ष, पक्ष यांपासून लाख, पाख. जखीण दुसऱ्या गटातील खरी. परंतु या शब्दातला ‘ख’ प्राकृतांत सर्रास आढळत असल्याने त्यावरून शब्दाचे वय वा प्रांत ठरविता येत नाही.

खरी अडचण अर्थाची आहे. मराठीत जखीण ही पूज्य देवता नसून भुतांपैकी एक आहे. पूजेचा अंश टिकला तो जाखाई, जाखमाता या नावांत. एकाच यक्षिणीच्या अशा दोन वाटा झाल्या, आणि गावाचे नाव नेमके भुताच्या वाटेवर पडते. एखादी वाडी केवळ भीतीवरूनही ओळखली जाऊ शकते. त्यासाठी तेथे प्राचीन ठाणे असावे लागत नाही. लेण्यांतील ज्ञात लेखात गोपालाचा पुत्र संघमित्र याचे दान नोंदलेले आहे. यक्षिणीचा त्यात निर्देश नाही.

कोसंबींचे जुन्नरचे उदाहरण याहून पुष्कळ भक्कम होय. तेथील ब्राह्मी लेखांत डोंगराचे नाव मानमुकड असे येते, आणि ते त्यांनी मानमोडी या देवीनामाशी जोडले. स्वरमध्यस्थ ‘क’चा लोप होऊन ‘मोड’ होणे स्वाभाविक आहे. ‘मान मोडणारी’ हा अर्थ मात्र मागाहून चिकटलेला दिसतो. तथापि लेखात नाव आहे ते डोंगराचे, देवीचे नव्हे. कोसंबींनी नामसातत्य दाखविले. पूजेचे सातत्य गृहीत धरले.

अशाच गृहीताचा प्रश्न केल्टिक धर्माच्या अभ्यासकांनाही पडलेला आहे. आयर्लंडमधील किल्डेअरची संत ब्रिगिड हे एका प्राचीन देवीचे ख्रिस्ती रूप, असे दीर्घकाळ मानले गेले. त्याला आधारही थोडे नाहीत. १ फेब्रुवारीचा तिचा सण इम्बोल्क या जुन्या ऋतूत्सवाच्या दिवशीच येतो. ‘उन्नत’ या अर्थाचे तिचे नाव संस्कृत ‘बृहती’चे सख्खे भावंड; आणि उत्तर ब्रिटनमधील रोमनकालीन शिलालेखांत ब्रिगान्टिया देवी भेटते. इतके असूनही आयरिश साधनांचा क्रम उलटा लागतो. कोगिटोससने लिहिलेले संतचरित्र सातव्या शतकातले, तर ब्रिगिडला देवी म्हणणारा कॉर्मकचा शब्दकोश सुमारे इ. स. ९०० चा. संत आधी, देवी नंतर! यावरून देवी नव्हती असे सिद्ध होत नाही. पण नाव, तिथी आणि पूजा यांचा काळ वेगवेगळा ठरवावा लागतो, हे त्या अभ्यासकांना मान्य करावे लागले.

मराठी अभ्यासाला एक लाभ आहे, जो केल्टिक विद्येला नाही : येथे विधी अजून जिवंत आहेत. रा. चिं. ढेरे यांच्या ‘लज्जागौरी’त (१९७८) मूर्ती, विधी आणि नाव परस्परांना आधार देतात, म्हणून त्यातील विवेचन केवळ नामसाम्यावर उभारलेल्या तर्काहून अधिक पटते. जखिणवाडीबाबत असा आधार शोधायचा तर गावाच्या जुन्या दप्तरातील नावाची रूपे, गावकुसाजवळ तांदळे असल्यास त्यांना दाखविले जाणारे नैवेद्य आणि ते दाखविणाऱ्यांच्या तोंडी असलेली नावे येथून आरंभ करावा लागेल; डोंगरावरील लेण्यांपासून नव्हे.